नागोयाच्या गल्लीत दोन व्याही

आडवं सूत नेणारा धोटा मागाच्या एका बाजूनं दुसऱ्या बाजूला जाताना जो आवाज होतो, तो ज्यानं ऐकला नाही त्याला सांगून कळायचा नाही. बेळगावच्या वडगावात आमच्या घरी दोन हातमाग होते. एकावर आप्पा बसायचे, दुसऱ्यावर काका. मी पाळण्यात होतो तेव्हापासून तो आवाज कानात आहे. खट्-खटाक्, खट्-खटाक्. तो चालू असताना कुणी बोलत नसे, कारण बोललेलं ऐकूच येत नसे. सूत तुटलं की माग थांबायचा, तेवढ्यात जे सांगायचं ते सांगून घ्यायचं. "भाकरी झाली." "म्हैस सुटली." "थोरली माहेरी आलीया." सूत जोडलं की पुन्हा खट्-खटाक्. म्हणून आमच्या घरातली माणसं थोडं बोलतात, आणि तेही उशिरा.

याचा तोटा असा की सांगायच्या गोष्टी साचत जातात. जपानला जाऊन आल्यापासून चहाच्या दुकानात बसलो की कोणीतरी विचारतंच, "अण्णा, तिकडं काय काय बघितलासा?" मी घसा खाकरून सुरुवात करेपर्यंत माझा व्याही परशराम सांगून मोकळा झालेला असतो. परशराम शेजारच्या येळ्ळूरचा. तालमीत आम्ही एकत्र होतो, व्याही नंतर झालो. त्याची स्मिता माझ्या संतूला दिली. त्यानं सारा जन्म सरकारी बस चालवली, त्यातली निम्मी वर्षं जांबोटीच्या रस्त्याला. इंजिनाच्या वर आवाज काढून बोलायची सवय अजून गेलेली नाही. तो सांगतो त्यातलं निम्मं खरं असतं. उरलेलं निम्मं मी इथं सांगतो.

*

संतू स्मिताला घेऊन जपानात नागोया नावाच्या शहरात असतो. आधी मशीनचे पार्ट करणाऱ्या कारखान्यात रात्रपाळीला होता. तिथली भाषा शिकला आणि मग हे दुसरं काम धरलं. एक दिवस त्यानं फोनवर सांगितलं, "अण्णा, मी आता गाइड झालोय. फिरायला आलेल्या लोकांना संध्याकाळी बारमध्ये घेऊन जातो."

फोन स्पीकरवर होता आणि परशराम शेजारी बसला होता. तो पुढं सरकला. "म्हंजे कसं रं जावईबापू? लोकांना दारूचं दुकान सापडत न्हाय व्हय?"

"तसं नाही मामा. मोठे, झगमगाटाचे बार सगळ्यांना सापडतात. मी लहान गल्लीत नेतो. तिथं साधी माणसं बसतात. बाहेरच्याला आत जायला भीती वाटते, म्हणून मी बरोबर असतो. एका बारमधून दुसऱ्यात, दुसऱ्यातून तिसऱ्यात. इथं त्याला शिडी चढणं म्हणतात."

"आमच्यात त्याला उतरणं म्हणत्यात," परशराम म्हणाला. "आणि एक सांगतो. येळ्ळुरात न्यायला गाइड लागत न्हाय. परत आणायला लागतोय."

त्या वर्षी मे महिन्यात पोरांनी तिकिटं पाठवली, आणि आम्ही दोघं ते काम बघायला गेलो.

*

ती गल्ली मी जशी मनात धरली होती तशी नव्हती. मला वाटलं होतं लाल-निळे दिवे असतील, गाणी असतील. तिथं दारात कुंड्या, भिंतीला टेकलेल्या सायकली, आणि वर माड्यांवर वाळत घातलेले कपडे. खाली बार आणि वर लोकांची बिऱ्हाडं. एकेक बार आमच्या मागाच्या खोलीएवढा. एक लांब फळी, तिच्या अलीकडं चारसहा स्टुलं, पलीकडं मालक, आणि मालकाच्या मागं भिंत. संपला बार.

पहिल्या दिवशी संतूनं गल्लीच्या तोंडाशी आम्हाला थांबवलं. "आत बसल्यावर काय हसायचं, बोलायचं ते बोला. पण एका दारातून निघून दुसऱ्या दारात जाईपर्यंत आवाज नको. वर लोक राहतात. गल्लीतल्या दुकानदारांनी मला या महिनाअखेरपर्यंत परवानगी दिलीय. पुढं द्यायची की नाही, ते नंतर ठरवणार. नाही म्हणाले तर मला परत कारखान्यात रात्रपाळी."

"समजलं," परशराम हळूच म्हणाला.

आता परशरामचं हळूच म्हणजे काय, ते इथं सगळ्यांना ठाऊक आहे. वर एक खिडकी उघडली. एका म्हातारीनं डोकं बाहेर काढलं. परशरामनं हात जोडले आणि म्हणाला, "नमस्कार. काय न्हाय, आमी जावयाकडं आलाव." म्हातारीनं मान लववली आणि खिडकी लावून घेतली. संतूचा चेहरा उतरला.

दुसऱ्या दिवशी त्यानं खिशातून एक आल्याची गोळी काढली. चांगली मोठी, कडक. "मामा, दारातून बाहेर पडलो की ही तोंडात ठेवायची. पुढच्या दारात गेल्यावर चावून खायची."

उपाय लागू पडला. गोळी तोंडात असेपर्यंत परशराम एक शब्द बोलला नाही. तिसऱ्या दिवसापासून संतू सगळ्याच पाहुण्यांना दारातून निघताना एकेक गोळी द्यायला लागला. पाहुणे ती दोन्ही हातांत घेतात, वाकतात आणि गंभीर होऊन गल्लीतून चालतात. त्यांना वाटतं ही जपानची जुनी रीत आहे. ती येळ्ळूरची आहे.

*

मी घेत नाही. तत्त्व वगैरे काही नाही, घशाला ते कधी जमलं नाही. संतूनं तिथं सातूचा गार चहा मागवून दिला. शेजारी माझ्याच वयाचे एक गृहस्थ बसले होते. संतू म्हणाला, हे इथले न्हावी, दुकान आता मुलगा बघतो.

तिथली एक रीत मला फार आवडली. आपला ग्लास आपण भरायचा नाही. शेजाऱ्यानं भरायचा. ग्लास रिकामा दिसला की त्याच्या मनात येतं, अरे, आपलं लक्ष नव्हतं. न्हाव्यानं माझा चहा भरला. मी त्याची बिअर भरली. मग त्यानं चहा भरला. समोर मालक कोळशावर कोंबडीचे तुकडे भाजत होता, त्याच्याकडं दोघं बघत बसलो. एकदा ठिणगी उडाली तेव्हा दोघांनी एकदम ग्लासावर हात धरला. एवढंच. संतू पाहुण्यांना घेऊन पुढच्या बारला जाऊन, तिथून परत मला न्यायला आला, तोवर आम्ही एक शब्द बोललो नव्हतो. बोलणार कुठल्या भाषेत?

निघताना न्हावी उठून उभा राहिला आणि संतूला काहीतरी म्हणाला. बाहेर आल्यावर मी विचारलं, "काय म्हणाले रं?"

"म्हणाले, तुझ्या वडिलांशी बऱ्याच दिवसांनी मनासारख्या गप्पा झाल्या."

*

परशरामनं बेळगावहून खव्याचा कुंदा नेला होता. त्याच्या मंडळींच्या स्टीलच्या डब्यातून. त्यानं तो गल्लीतल्या ओगावा नावाच्या माणसाला दिला. ओगावा मोठ्या पातेल्यात मुळा, अंडी आणि काय काय उकळत ठेवतो आणि तेच वाढतो. बोलायला फटकळ, पण हाताचा सढळ. कुंदा तोंडात टाकून त्यानं डोळे मिटले, आणि उघडल्यावर पहिल्यांदा परशरामकडं माणूस म्हणून बघितलं.

दुसऱ्या दिवशी डबा परत आला. आत खारवलेला मुळा. परशराम स्मिताला म्हणाला, "आता रिकामा डबा कसा द्यायचा?" आपल्याकडं शेजाऱ्याचं भांडं रिकामं परत देत नाहीत, निदान चिमूटभर साखर तरी घालतात. डबा तर परशरामचाच होता. पण देणं अंगावर राहिलं ना! स्मितानं पोहे करून दिले. ओगावाच्या घरीही तीच रीत असावी. पोह्यांचा डबा घावन्यासारखं काहीतरी घेऊन परत आला. मग शेंगदाण्याची चटणी गेली. माशाचा काहीतरी प्रकार आला, तो परशरामनं एकट्यानं संपवला. मग लाडू गेले. तीन आठवडे तो डबा कुणाच्याच घरी निवांत बसला नाही. निघायच्या आदल्या दिवशी तो ओगावाकडं होता, आणि त्यानं अजून तो भरलेला नव्हता. भरल्याशिवाय तो देईना.

रात्री येळ्ळूरहून फोन. परशरामच्या मंडळी. "सामान बांधलासा? आणि माझा डबा कुठं हाय? माझं नाव हाय त्याच्यावर."

"डबा जपानात वापरात हाय," परशराम म्हणाला.

"मग डबा घेऊनच या. नसंल येत, तर तुमीबी तितंच ऱ्हावा."

*

सदलग्याचे एक पाहुणे संतूच्या ग्रुपला आले होते. ऊसवाले, भला माणूस, बरोबर बायको. ती माउली दारात आली आणि तिथंच थबकली. आत पाच माणसं, सगळे पुरुष. नवऱ्यानं संतूला बाजूला घेतलं. "ह्यांच्यात फॅमिली रूम न्हाय काय? आमच्यात असत्यात. पडदा लावलेली."

संतू म्हणाला, "साहेब, याच्यात मालकाला स्वतःला फिरायला जागा नाही."

"विचारून तर बघा की."

संतूनं विचारलं. कोळशावर भाजणाऱ्या त्या मालकाला फॅमिली रूम म्हणजे काय ते कळेना. संतूनं समजावलं, जिथं घरची माणसं आपली आपण बसतात, ती खोली. मालकानं हातातला पंखा खाली ठेवला. आपल्या दुकानाकडं एकदा या टोकापासून त्या टोकापर्यंत बघितलं. न्हावी बसला होता, त्याच्याशेजारी टपालखात्यातला एकजण, कोपऱ्यात परशराम आणि मी.

"मग हीच ती," तो म्हणाला.

संतूनं ते मराठीत सांगितलं. न्हाव्यानं सरकून जागा दिली. माउली आत आली, डोक्यावरचा पदर सारखा करून बसली आणि सोडा मागवला. जाताना मालकाला म्हणाली, "सदलग्याला या." त्याला काही कळलं नाही, पण त्यानं हो म्हटलं.

*

आता आक्काचं सांगतो.

गल्लीतला सगळ्यात जुना बार एका बाईचा होता. माझ्यापेक्षा वयानं मोठी, पाठीत थोडी वाकलेली, पण चाकू हातात घेतला की हात असा चालायचा की बघत राहावं. तिथं बारच्या मालकिणीला मामा म्हणतात. इकडं संतू सासऱ्याला मामा म्हणतो. एका बारमध्ये दोन मामा नकोत, म्हणून मी तिला आक्का म्हणालो. तिला ते चाललं.

मी पहिल्यांदा गेलो तेव्हा तिनं गरम पाण्यात पिळलेला टॉवेल माझ्या हातावर ठेवला. टॉवेल देताना तिनं माझी बोटं बघितली. करंगळीच्या मुळाशी घट्टा आहे, तो सूत ओढून ओढून झालेला. तिनं आपला तळहात उलटा करून दाखवला. तिचा घट्टा चाकूचा. मग ती मागं वळून भाजी चिरायला लागली.

मला ती बसू देत असे. परशरामलाही. पण संतूचे पाहुणे तिनं कधी आत घेतले नव्हते. गल्लीत शब्द तिचा चालायचा. बाकीचे सगळे म्हणत, त्या हो म्हणाल्या तर आमचं हो. म्हणजे संतूचं तिथलं राहणं तिच्या एका शब्दावर होतं.

एकदा माझ्यासमोर संतूनं धीर करून विचारलं. ती कपबशा पुसत होती.

"पाहुणे किती असतात?" तिनं विचारलं.

"चार. कधीच जास्त नाही."

"माझी स्टुलं सहा."

"दोन उरतात की."

"ते तू मोजलंस," ती म्हणाली. "माझा रोजचा माणूस कामावरून दमून येतो. दार सरकवून बघतो, अनोळखी चार माणसं बसलेली. तो माफी मागतो आणि घरी जातो. दुसऱ्या दिवशी तो दार उघडून बघतही नाही. तुझी माणसं एकदा येणार आणि फोटो घेऊन जाणार. माझा माणूस गेला तर मी संध्याकाळी भाजी कुणासाठी चिरू?"

संतूनं मला हे सगळं बाहेर आल्यावर सांगितलं. मी म्हणालो, "बरोबर हाय की रं तिचं."

"बरोबर आहे म्हणूनच पंचाईत आहे, अण्णा."

रात्री आमच्या घरातलीचा फोन यायचा. जेवण झालं का हे विचारायच्या आधी ती विचारायची, "ती बाई काय म्हणाली?" मी म्हणायचो, अजून काही नाही. एकदा म्हणाली, "नको म्हणाली तर बरंच हुईल. पोरगं घरला येईल." मग म्हणाली, "न्हाय, न्हाय. हो म्हणूदे."

मलाही तसंच होत होतं. फक्त मी बोललो नव्हतो.

*

निघायला चार दिवस उरले होते. संतू पाहुण्यांना आणायला स्टेशनवर गेला. परशराम आणि मी पुढं गल्लीत आलो. इतके दिवस आम्ही दिवे लागल्यावर यायचो, त्या दिवशी अजून ऊन होतं. आक्काच्या दारावर तिचा निळा पडदा लोंबत होता. दारावर आडवी बांबूची काठी, तिला अडकवलेलं कापड, दाराच्या निम्म्यापर्यंत येणारं. दिव्यात कधी दिसलं नव्हतं ते उन्हात दिसलं. खालची किनार उसवली होती आणि वीतभर आडवं सूत सुटून लोंबत होतं. चांगलं हातमागाचं कापड. असं चार दिवस ठेवलं तर वरपर्यंत गेलं असतं.

वडगावच्या माणसाला सुटलेली किनार बघवत नाही. माझ्या बंडीच्या खिशात सुई असते, आमच्या घरातलीनं टोचून ठेवलेली. मी काठी दोन्ही हातांनी उचलली, ती सहज निघाली.

"नारू, इचारून काढ रं," परशराम म्हणाला. तालमीपासून मी त्याचा नारू.

"विचारायला भाषा कुठाय?"

दार सरकवून आत डोकावलो. आक्का पाठ करून चुलीशी होती, पाण्याचा आवाज येत होता. म्हटलं, होऊन जाईल तोपर्यंत. पडदा घेऊन घराच्या बाजूला, सायकलींच्या मागं एक पायरी होती, तिथं उजेडात बसलो. आतल्या शिवणीतून त्याच कापडाचं सूत ओढून घेतलं म्हणजे रंग चुकत नाही. परशराम शेजारी बसून येणारंजाणारं बघत होता.

"एक माणूस आला," तो म्हणाला. "आक्काच्या दारात थांबला. गेला."

मी टाके घालत होतो.

"दुसरा आला. तोबी गेला. आज बाईचं गिऱ्हाईक कमी हाय बघ."

थोड्या वेळानं म्हणाला, "न्हावी आला. दाराकडं बघतोय. आता ओगावाच्या दुकानात पळाला. वयाच्या मानानं बरा पळतोय."

मग गल्लीत माणसं हळूहळू गोळा व्हायला लागली. आवाज न करता. ओगावा झाकण ठेवलेलं पातेलं घेऊन आला. कोळशावाल्याच्या हातात संत्री होती. टपालखात्यातला औषधाची पुडी घेऊन आला. वरच्या खिडकीतली म्हातारी जिना उतरून आली. एकाच्या काखेत तर रक्तदाब बघायचं मशीन होतं. मघाशी येऊन गेलेले दोघंही परत आले. सगळे आक्काच्या दारासमोर उभे, आणि कोण पुढं होणार यावर कुजबूज.

"कुणी गेलं काय रं?" परशराम म्हणाला. मी सुई थांबवली.

न्हाव्यानं दारावर टकटक केली. दार सरकलं. आक्का बाहेर आली, हातात डाव, अंगावर एप्रन, चांगली धडधाकट. तिनं त्या सगळ्यांकडं बघितलं. पातेल्याकडं, संत्र्यांकडं, मशीनकडं. मग सगळे एकदम बोलायला लागले आणि कुणीतरी दाराच्या वर बोट दाखवलं. तिनं वर बघितलं. तिथं नुसत्या दोन खुंट्या होत्या.

आणि मग सगळ्यांनी आमच्याकडं बघितलं. माझ्या मांडीवर पडदा, तोंडात सुताचं टोक.

तेवढ्यात गल्लीच्या तोंडाशी संतू आला, मागं चार पाहुणे. त्यानं आधी माणसं बघितली, मग खुंट्या, मग मला. पाहुण्यांना तिथंच थांबवून तो जवळ आला, खाली बसला आणि अगदी हळू म्हणाला, "अण्णा, हे काय केलंसा?"

"किनार उसवली होती."

"अण्णा, पडदा बाहेर असला तर दुकान उघडं. पडदा आत घेतला की दुकान बंद. तिनं न सांगता कधी बंद ठेवलं न्हाय. लोकांना वाटलं ती आजारी पडली, का काय बरंवाईट झालं." त्यानं डोळ्यांवरून हात फिरवला. "तिची माणसं परत गेली, अण्णा. तुमच्यामुळं."

मला त्याच्याकडं बघवेना. शेवटचा टाका राहिला होता, तो घातला. सूत दातानं तोडलं. मग उठलो, गुडघे धरून उठावं लागलं, आणि तिथं देतात तसा दोन्ही हातांनी पडदा आक्कापुढं धरला. माफी कशी मागायची ते येत नव्हतं. मान खाली घातली.

तिनं पडदा घेतला. किनारीवरून अंगठा फिरवत गेली, एका टोकाहून दुसऱ्या टोकापर्यंत. एका जागी अंगठा थांबला. तिथं थोडं दाबून बघितलं. मग ती चवड्यांवर उभी राहून काठी खुंट्यांवर ठेवायला लागली. संतू मदतीला पुढं झाला, तिनं त्याला हातानंच थांबवलं. काठी दुसऱ्या खेपेला बसली.

माणसं आत गेली. न्हावी, ओगावा पातेल्यासकट, खिडकीतली म्हातारी, मशीनवाला, सगळे. सहा स्टुलं भरली, उरलेले भिंतीला टेकून उभे राहिले. एवढ्या माणसांत ओगावाचं पातेलं फळीवर आलं आणि कुणीतरी हसलं, आणि मग सगळेच हसायला लागले.

संतूनं पाहुण्यांना खूण केली, चला, पुढच्या दारात. ते एकामागं एक निघाले. आक्का अजून दारातच उभी होती. एका हातानं तिनं पडदा वर उचलून धरला होता. ते तिच्यापर्यंत आले, तरी तिनं तो खाली सोडला नाही.

संतू थांबला. तिच्या भाषेत काहीतरी म्हणाला, आत जागा कुठं आहे असं काहीतरी असावं. पडदा तसाच वर.

"अरं जा की रं आत," परशराम म्हणाला. "बाईचा हात दुखंल."

पाहुणे वाकले आणि एकेक करून आत गेले. शेवटी संतू गेला. जाताना तो इतका खाली वाकला की पडदा त्याच्या पाठीला लागला नाही.

आक्का त्याच्यामागं आत गेली आणि लगेच बाहेर आली. हातात बर्फाची बादली, रिकामी. आत तिची माणसं आणि संतूची माणसं, फळीच्या पलीकडं कुणीच नाही.

"कुठं निघालासा, आक्का?" परशरामनं विचारलं.

दुकान आतल्या माणसांवर सोडून, बादली हलवत ती बर्फ आणायला गल्लीच्या दुसऱ्या टोकाकडं चालत गेली.